काटेवाल्याला नावं ठेवा कुणीतरी

काटेवाल्याच्या संसारात बोट ठेवावं असं काही नव्हतं. खाली तराजू दुरुस्तीचं दुकान, वर दीड खोली, जिन्याची तिसरी पायरी कुरकुरणारी, आणि बायको अशी की शिलाईखान्यात दिवसभर शर्टांची काजं करून आली तरी घरातलं एक सैल बटण तिच्या नजरेतून सुटायचं नाही. तरीही वर्षातले चाळीस दिवस असे यायचे की संध्याकाळ झाली की हा माणूस दुकानाच्या दारात स्टूल टाकून, कान टवकारून बसायचा आणि तासाभराने काढा प्यायल्यासारखं तोंड करून उठायचा.

कारण एकच. सगळ्या गल्लीत ज्याला त्याला नावं ठेवली जायची आणि त्याची बायको त्याला नावं ठेवत नव्हती.

हे वाचून ज्याला हसू आलं त्याच्या छपरावर शेजारीण उगवत नसणार.

शेजारीण म्हणजे एक चांदणी. कोऱ्या चहाच्या रंगाची, बाकीच्यांपेक्षा जरा थोराड. सूर्य बुडाला की पाण्याच्या टाकीमागून वर येते, छपरांच्या कडेकडेने रेंगाळते आणि तास-दीड तासात गिरणीच्या धुराड्याआड उतरते. वर्षातल्या चाळीसच संध्याकाळी. बिचारीला घर नाही, दार नाही, आल्यागेल्याची चौकशी नाही, म्हणून ती लोकांच्या खिडक्यांना कान लावते. डोळ्यांनी अधू, कानांनी तिखट. कुणी कशाचं कौतुक केलेलं ऐकलं की तिला ते हवंसं होतं आणि मग ती त्यातलं बरं तेवढं काढून नेते. वस्तू जागेवर राहते. दूध राहतं, साय जाते. गळा राहतो, गोडवा जातो. पोर राहतं, पोराची झोप जाते. तिथल्या मुलांना ही गोष्ट मुळाक्षरांच्या आधी येते.

तेव्हा उपाय सोपा. शेजारीण वर आहे तोवर, जे जे जिवाचं आहे त्याला तोंडभर नावं ठेवायची. आया पोरांना मांडीवर घेऊन म्हणतात, काय बाई हे माकड. डॉक्टर खडखडीत बऱ्या झालेल्या पेशंटला सांगतात, तुमचं काही खरं नाही, आणि तो हसत हसत घरी जातो. नवी सून उंबरठ्यावर आली की सासू विचारते, हे बुजगावणं कुणी आणलं? की लगेच सुनेच्या आईचा जीव भांड्यात पडतो. तरण्या मुलांचं तर विचारूच नका. ‘तुझ्याइतकं भसाडं हसणारी मी जन्मात पाहिली नाही,’ एवढं एखाद्याने म्हटलं की मुलगी चार दिवस जमिनीवर नसते.

आणि ज्याचं काही सोयरसुतक नाही, त्याला काय म्हणायचं? त्याला म्हणायचं ‘ठीक आहे’. नगरपालिकेची बाकं ठीक आहेत. लांबच्या मावसभावाची नोकरी ठीक आहे. ठीक म्हटलेली गोष्ट शेजारणीने नेली काय आणि ठेवली काय, कुणाला रात्री उठून पाणी प्यावं लागत नाही.

काटेवाल्याच्या बायकोला पावाच्या ओळीत, नळावर, जिन्यात कुणीही विचारलं, ‘काय गं, तुझे हे कसे?’ तर ती पिशवी या हातातून त्या हातात घेत म्हणायची, “ठीक आहेत.”

तेरा वर्षं. लग्नाला चौदा झाली होती. पहिल्या वर्षी काय झालं होतं ते काटेवाल्याला धड आठवत नव्हतं, आणि आठवायला तो बसलाही नव्हता.

तो स्वतः मात्र बायकोला नेमाने नावं ठेवायचा. रोज तीन. उंची कमी, चाल बदकाची, चहा पाणचट. चौदा वर्षं तीच तीन, त्याच क्रमाने, पारड्यात मापं ठेवावीत तशी. आपण आपली बाजू चोख राखली आहे असं त्याचं म्हणणं होतं. धंदाच तसा होता त्याचा. गावातल्या निम्म्या दुकानांचे तराजू त्याच्या हाताखालून जायचे. दांडीच्या मधोमध एक पोलादी पातं असतं, सगळा तराजू त्या पात्याच्या धारेवर उभा असतो. ती धार बोथटली की काटा अडखळतो आणि वजन खोटं पडतं. हे पातं बसवण्यात त्याच्या बोटांत जी हातोटी होती ती लांबलांबच्या कुणाकडे नव्हती. फक्त त्या बोटांना सवय अशी लागली होती की दिसेल ते तोलायचं. दोन भावांत आईने कुणाला जास्त वाढलं, शेजारच्या कात्रीवाल्याला लोक लवून नमस्कार करतात आणि आपल्याला नुसती मान हलवतात, सगळं पारड्यात.

त्या वर्षी समोरचा म्हातारा पाववाला घरी बसला आणि भट्टी त्याच्या मुलाने हातात घेतली. मुलगा तिशीतला, बिनलग्नाचा. कोपरापर्यंत पीठ, त्यावर हसरे डोळे, आणि दंड असे की मळायचं पीठ आपणहून मऊ होत असावं. दुसरी भट्टी निघायची ती नेमकी शेजारीण उगवायच्या वेळेला. काटेवाल्याच्या स्टुलापासून पावाची ओळ सहा पावलांवर. सगळं ऐकू यायचं.

पहिल्याच संध्याकाळी त्याच्या बायकोने पाव हातात घेतला आणि म्हणाली, “काय हा पाव. वीट बरी.”

आता हे सगळेच म्हणतात. नवा माणूस, नवी भट्टी, तेवढी रीत पाळावीच लागते. पण शेजारच्या केस कापायच्या दुकानातला कात्रीवाला दारात टॉवेल झटकत होता, आणि तो काडी टाकल्याशिवाय कसा राहील?

“दादा,” तो म्हणाला, “वहिनी पाववाल्याला वीट म्हणाल्या.”

“पावाला म्हणाली.”

“तेच ते. मला सांगा, तुम्हाला कधी वीट म्हणाल्यात?”

काटेवाल्याने स्टूल सोडलं. आत जाऊन त्याने बाकावरच्या तराजूच्या डाव्या पारड्यात पाच ग्रॅमचं एक पितळी माप ठेवलं. डावं पाववाल्याचं, उजवं आपलं, असं त्याने मनाशी ठरवून टाकलं. मग त्याने जाहीर केलं की आजपासून पोटाला पाव सोसत नाही, मला उकडलेले बटाटे कर.

दुसऱ्या दिवशी सकाळी पाववाला स्वतःच दुकानात आला. हातात जुना, छोटा, दोन पारड्यांचा तराजू.

“दादा, हा बघा ना जरा. मीठ आणि यीस्ट ह्याच्यावरच मोजतो. बाबांच्या हाताला अंदाज होता, मला ह्याच्याशिवाय जमत नाही. काटा अडतोय.”

काटेवाल्याने दांडी उचलली. पातं झिजलं होतं. अर्ध्या तासाचं काम. तसली पाती त्याच्या खणात अकरा पडली होती.

“पातं मागवावं लागेल,” तो म्हणाला. “आठवड्याने ये.”

पाववाला गेल्यावर त्याने तो तराजू सगळ्यात वरच्या फळीवर ठेवला आणि त्यावर गोणपाट टाकलं. वाईट काही करायचं असं त्याच्या मनात नव्हतं. नुसतं काही करायचं नव्हतं.

तर पाववाल्याने मीठ मुठीने घालायला सुरुवात केली. आणि मूठ त्याची. फावडं म्हणा.

चौथ्या संध्याकाळी बायको ओळीत म्हणाली, “हा पाव समुद्रात बुडवून आणला का?” सातव्या संध्याकाळी म्हणाली, “जिभेचं पायपुसणं झालंय माझ्या. रात्री तीनदा पाण्याला उठले.” बाकीची ओळही काही मागे नव्हती. शाळेच्या बाई म्हणाल्या, हा पाव आहे की जखमेवर घालायची पूड. पोस्टातला म्हणाला, मी काल तो भिजवून त्या पाण्यात बटाटे उकडले. प्रत्येकाला वाटायचं, आपण त्याला तोंडावर सांगितलं, स्वच्छ सांगितलं, आता उद्या तरी सुधारेल. आणि पाववाला भट्टीच्या उजेडात लालेलाल होऊन नुसता विरघळायचा. एवढं प्रेम त्याच्या बापालाही मिळालं नव्हतं. त्याची दात गेलेली आई एका सकाळी, उजेडात, म्हणाली होतीच, “खारट झालाय रे.” पण तिला गेल्या वर्षापासून दूधही खारट लागायचं. तो स्वतः पाव खात नसे. दिवसभर वासानेच त्याचं पोट भरायचं.

काटेवाला स्टुलावरून फक्त एकच आवाज ऐकत होता. बायकोचा. आठवड्याभरात डावं पारडं मापांनी भरत आलं. उजव्यात धूळ.

आठवडा झाला तसा पाववाला तराजूची चौकशी करायला आला. काटेवाल्याने सांगितलं, पातं वाटेत आहे. पुन्हा आला, तेव्हाही पातं वाटेतच होतं.

“घाई नाही दादा,” पाववाला म्हणाला. “खरं सांगू? हाताने घालतोय तेच लोकांना जास्त आवडायला लागलंय. वहिनी तर काय काय बोलतात, ऐकलंत ना?”

“कामात होतो,” काटेवाला म्हणाला आणि कानशीने एका निरपराध मापाची कड उगाचच घासत बसला.

वर जेवताना तो बटाटा सोलता सोलता विचारायचा, “आज वेळ लागला पाव आणायला.”

“ओळ होती.”

“ओळीत काय चाललं होतं?”

“तेच. सगळे वैतागलेत त्याच्यावर.”

“हो ना. तू जरा जास्तच वैतागली होतीस.”

“मग? वैतागू नको? ऐकतच नाही तो.”

“ऐकतो की. हसतो पण.”

“तेच तर,” ती म्हणायची आणि घटाघटा पाणी प्यायची. काटेवाला ते पाणी घशातून उतरताना बघायचा आणि मनात म्हणायचा, बघा, बोलून बोलून घसा कोरडा पडलाय.

त्याने आरशात स्वतःला तोलून पाहिलं. पोट थोडं सुटलेलं, कानांत केस, नाक तर दुकानाच्या पाटीसारखं आधी पोचणारं. नावं ठेवायला काय कमी होतं? कुणी मनावर घेतलं तर आठवडाभर पुरेल एवढा माल होता. एकदा त्याने मुद्दाम शर्टाची बटणं वरखाली लावली आणि शेजारीण उगवताना तिच्यासमोर जाऊन उभा राहिला. तिने काही न बोलता बटणं सोडली, नीट लावली आणि पिशवी घेऊन पाव आणायला गेली.

बाविसाव्या संध्याकाळी कडेलोट झाला. बायको अर्धा खाल्लेला पाव कागदात गुंडाळून परत घेऊन गेली आणि तिने तो पाववाल्याच्या फळीवर आपटला. “हा घ्या तुमचा तुम्हालाच. कोपऱ्यावरच्या कुत्र्याला टाकला तर त्याने माझ्याकडे बघितलं, पावाकडे बघितलं आणि रस्ता ओलांडून गेला. तुमच्या हाताला काही लाज आहे का?”

पाववाल्याच्या आईने पदर डोळ्यांना लावला. पाव परत करण्यापर्यंत कुणाचं प्रेम आजवर गेलं नव्हतं.

“मोठं मन आहे वहिनींचं,” कात्रीवाला हळूच म्हणाला. “कुत्र्याचं तर मला सुचलंच नसतं.”

काटेवाला उठला. स्टूल मागे पडलं. सहा पावलं तो चालला, ओळ बाजूला सारली आणि टाकीवर टांगलेल्या त्या चहाच्या रंगाच्या ठिपक्याकडे तोंड करून, खणखणीत आवाजात, जे कुणी शुद्धीवरचा माणूस त्या चाळीस दिवसांत करत नाही ते त्याने केलं. त्याने कौतुक केलं.

“काय पाव आहे याचा,” तो म्हणाला. “कापसासारखा. पाच गल्ल्यांत असा पाव नाही. काय हात, काय भट्टी. असा कारागीर शोधून सापडणार नाही.”

शाळेच्या बाईंनी सोबतच्या पोराचे कान झाकले. पोस्टातला दोन पावलं मागे सरला. पाववाला पांढराफटक पडला आणि भट्टीच्या तोंडासमोर हात पसरून उभा राहिला, जणू वरून कुणी हात घालून ती उचलणार होतं. कात्रीवाल्याने टॉवेल डोक्यावर घेतला.

मग ओळीत कुणीतरी खुदकन हसलं. काटेवाल्याची बायकोच होती ती.

“कापसासारखा?” ती म्हणाली. “अहो, खाऊन तरी बघितलात का?”

“मला खायची गरज नाही.”

“चला घरी.” तिने त्याचं मनगट धरलं. “उद्या उजेडात बोलू.”

उजेडात बोलू म्हणजे काय ते तिथे कुणाला सांगावं लागत नाही. उजेडात शेजारीण नसते. उजेडात जे बोललं जातं ते त्याच्या वजनाचंच असतं.

सकाळी ती शिलाईखान्यात तासभर उशिरा येते म्हणून सांगून आली, दुकानाचं दार लोटलं आणि बाकावर, तराजूच्या शेजारी, पावाचा एक तुकडा ठेवला.

“खा.”

“माझ्या पोटाला—”

“खा म्हणते.”

त्याने खाल्ला. दोनदा चावला, थांबला, इकडेतिकडे बघितलं आणि कानशी पुसायच्या फडक्यात थुंकला.

“खारट आहे हा.”

“बावीस दिवस मी दुसरं काय सांगतेय?”

“मला वाटलं…”

“काय वाटलं?”

काय वाटलं ते उजेडात फार लहान दिसत होतं. शेवटी त्याने नुसतं तराजूकडे बोट केलं. डावं पारडं बाकाला टेकलेलं, मापांनी शिगोशीग. उजवं वर, रिकामं. तिने एकेक माप बघितलं. आधी तिला हसू आलं. ते हसू ओठांवर असतानाच तिला दिसलं की हा माणूस मीठ हा शब्द आल्यापासून तिसऱ्यांदा वरच्या फळीकडे बघतोय. चौदा वर्षं ज्याची बटणं लावली त्याची नजर कुठे जाते हे बायकोला सांगावं लागत नाही. ती स्टुलावर चढली आणि तिने गोणपाट ओढलं.

“हा कुणाचा?”

त्याने फडक्याची घडी घातली.

“मीठ मोजायचा आहे ना हा? किती दिवसांचं काम होतं?”

“अर्ध्या तासाचं. पाती होती खणात. अकरा.”

ती स्टुलावरून उतरली. तराजू त्याच्यासमोर ठेवला. दाराशी जाऊन म्हणाली, “आत्ता बोलत नाही. संध्याकाळी बोलेन.”

त्याने खणातलं पातं काढलं, दांडीत बसवलं, काटा तीनदा सोडून बघितला. वीस मिनिटं लागली. दुपारी तो तराजू घेऊन समोर गेला. “पातं आलं,” म्हणाला. पाववाल्याने रात्रभर भट्टीशी जागलेले डोळे चोळले आणि कालच्या कौतुकाबद्दल अवाक्षर न काढता तराजू घेतला. तो सकाळपासून भट्टीच्या विटा मोजत होता. एकही कमी झाली नव्हती.

संध्याकाळी शेजारीण टाकीवर आली. ओळ लागली. काटेवाला स्टुलावर बसला खरा, पण पाय जमिनीला टेकत नसल्यासारखा. बायको आली ती ओळीत गेलीच नाही. गल्लीच्या मधोमध उभी राहिली आणि पिशवी खाली ठेवली. तिने पिशवी खाली ठेवलेली गल्लीने आजवर पाहिली नव्हती.

“ऐका सगळे,” ती म्हणाली. “हा माणूस. हा, स्टुलावर बसलाय तो. ह्याच्या डोक्यात मेंदू नाही, काटा आहे, आणि तो अडकलाय. ह्याला चौदा वर्षांत मला ठेवायला तीनच नावं सापडली. बुटकी, बदक, पाणचट. देवळातल्या घंटेलासुद्धा कधीतरी वेगळा आवाज येतो. मी केस कापले तरी बुटकी, बदक, पाणचट. तापाने फणफणले तरी बुटकी, बदक, पाणचट. आणि स्वतःचं काय? पहिल्या वर्षी मी ह्यांच्या नाकाला नाव ठेवलं. एकदा. गमतीने. म्हटलं, नाक आहे की छत्रीची मूठ. तर हा माणूस चार दिवस जेवला नाही. आरशासमोर जाऊन नाक दाबून बघायचा. रात्री मला उठवून विचारायचा, खरंच वाटतं का तुला. तेव्हा मी कानाला खडा लावला. म्हटलं, जाऊ दे, ह्याला सोसत नाही, ठीक आहे म्हणू. तेरा वर्षं जीभ चावून ठीक आहे म्हणतेय मी, आणि हा तेरा वर्षं मला पारड्यात घालतोय.”

काटेवाल्याचा हात आपोआप नाकाकडे गेला. चार दिवस. आठवलं त्याला.

“बघा, गेला हात,” ती म्हणाली, आणि गल्ली हसली. “आणि आता ऐका. पाववाल्यांचा मिठाचा तराजू बावीस दिवस ह्याने फळीवर लपवला. गोणपाटाखाली. का? तर मी पाववाल्याला वीट म्हटलं म्हणून. वीट. अख्ख्या गल्लीच्या तोंडाचं मिठागर केलं ह्या मत्सरी माणसाने. पाती अकरा होती खणात. अकरा. असा आतल्या गाठीचा, कुढा, लबाड, छत्रीच्या मुठीच्या नाकाचा माणूस मला चौदा वर्षं सांभाळायला दिलाय, आणि मी मूर्ख, रोज संध्याकाळी त्याला ठीक म्हणत घरी येते.”

तिचा श्वास संपला. मग पाववाल्याची आई म्हणाली, “गं बाई,” आणि तिच्यामागून सगळेच काहीबाही बोलू लागले. शाळेच्या बाई रडत होत्या. पोस्टातला काटेवाल्याच्या पाठीवर थाप मारून गेला. एवढं कुणी कुणासाठी बोललेलं कुणाच्या आठवणीत नव्हतं. सगळ्यात मोठ्याने हसत होता पाववाला.

“वहिनी,” तो डोळे पुसत म्हणाला, “तराजू लपवला म्हणे. काय काय सुचतं तुम्हाला.”

“सुचत नाही, खरं आहे,” ती म्हणाली.

“हो हो,” पाववाला म्हणाला. “अकरा पाती.” आणि पुन्हा हसू लागला.

ती अख्ख्या गल्लीसमोर खरं बोलली होती आणि ते ऐकणारी माणसं दोनच होती. ती आणि तो. काटेवाल्याला कळेना, आपल्याला शिव्या बसल्या की दुसरं काही. शब्द न् शब्द खरा होता, राग खरा होता, हे त्याला दिसत होतं. आणि तरी स्टुलावर बसल्या बसल्या त्याचे कान असे गरम झाले होते की कुणी पाव भाजून घ्यावा. तो आत गेला. उजव्या पारड्यात त्याने पाच ग्रॅमची मापं ठेवायला घेतली. छत्रीची मूठ एक. कुढा एक. लबाड एक. ती संपल्यावर दहाची काढली. मग किलोचं एक लोखंडी माप उचलून धाडकन ठेवलं आणि पारड्याची साखळीच तुटली.

“काय पडलं?” बायकोने जिन्यातून विचारलं.

“काही नाही.”

“अडाणी,” ती म्हणाली. तिसरी पायरी कुरकुरली. त्याने तेही जमेस धरलं.

गोष्ट इथे संपली असती तर बरं झालं असतं. पण दुसऱ्या संध्याकाळी पाववाल्याचा पाव मोजून घातलेल्या मिठाचा निघाला. उत्तम. लोकांनी तिथेच तोडून खाल्ला. आणि आता आली पंचाईत. बावीस दिवस सगळ्यांनी मनापासून नावं ठेवली होती. आता ठेवायला काही उरलं नव्हतं, आणि इतक्या दिवसांच्या खऱ्या वैतागानंतर खोटा वैताग काही केल्या तोंडातून निघेना. शाळेच्या बाई चावत म्हणाल्या, “हं.” पोस्टातला म्हणाला, “बरा आहे.” काटेवाल्याच्या बायकोने तुकडा खाल्ला, डोळे मिटले, आणि म्हणाली, “ठीक आहे.”

काटेवाल्याने ते स्टुलावर ऐकलं. झोपेपर्यंत त्याचं तोंड गोड होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पाववाला दुकानात आला. चेहरा उतरलेला. तराजू त्याने बाकावर ठेवला.

“दादा, हा राहू दे तुमच्याकडे.”

“का? अडतो का?”

“नाही. ह्याने घात केला माझा. कालपर्यंत लोक जीव टाकत होते. वहिनींनी कुत्र्याचं सांगितलं तेव्हा मी आईला म्हटलं, बाबांनंतर हे दुकान आता माझं झालं. काल ह्याच्यावर मीठ मोजलं तर ठीक आहे. वहिनी म्हणाल्या, ठीक आहे.” त्याने तराजू पुढे ढकलला. “आजपासून मी पुन्हा मुठीने घालणार. दोन मुठी घालतो, म्हणजे पहिल्यासारखं होईल.”

काटेवाल्याच्या डोळ्यांसमोर आली ती ओळ. दोन मुठींचा पाव. आणि त्याच्या बायकोचं तोंड, उघडलेलं, समोरच्या दिशेने. डावं पारडं. चार दिवसांत पुन्हा शिगोशीग.

तो उठला आणि त्याने दार पूर्ण उघडलं. ऊन आत आलं.

“हे बघ,” तो म्हणाला. “उजेड आहे. आता ऐक. पाव खारट होता. सगळे खरंच वैतागले होते. कुत्राही.”

पाववाल्याने बाकावरच्या तराजूकडे बघितलं.

“आणि ती परवा बोलली ते सगळं खरं आहे. तराजू फळीवर होता. गोणपाटाखाली.”

“अकरा पाती?” पाववाल्याने विचारलं.

काटेवाल्याने खण ओढून दाखवला. दहा होती. पाववाल्याने ती बोटाने मोजली. मग तराजू उचलला, पीठ झटकावं तसे हात झटकले आणि निघून गेला. कात्रीवाला दारात होता. त्याने विचारलं, काय झालं? पाववाला तोवर भट्टीत शिरला होता.

त्या संध्याकाळी पाव पुन्हा उत्तम होता. ओळीला हळूहळू जुनी रीत आठवत होती. कुणी म्हणालं दगड, कुणी म्हणालं चिंधी. काटेवाल्याची बायको म्हणाली, “वीट,” आणि पुढे म्हणाली, “पण आमच्या ह्यांच्या नाकापेक्षा मऊ.” काटेवाला स्टुलावर ताठ बसला. आजची सुरुवात चांगली झाली होती.

मग कात्रीवाल्याने, त्याला काय गरज होती कोण जाणे, ओळीतून मोठ्याने विचारलं, “पाववाले, आणि आमचे काटेदादा कसे वाटतात तुम्हाला?”

पाववाला भट्टीतून फावडं बाहेर काढत होता. त्याने ते भिंतीला टेकवलं. सहा पावलांवरून स्टुलाकडे बघितलं, वर टाकीकडे बघितलं, कपाळावरचा घाम पुसला.

“ठीक आहेत,” तो म्हणाला.

ओळीत कुणी पाव चावायचं थांबलं. काटेवाल्याची बायको वळली आणि पिशवीआड तोंड लपवून अशी हसली की तिचे खांदे हलताना सगळ्यांना दिसले.

आणि काटेवाल्याला, कुणाला सांगू नका, ते फार लागलं. रात्री तो जेवला नाही.